रेडिओ स्टेशनचा इतिहास लिहायचाय? स्मरणिका शेवटी उघडा

एखाद्या धार्मिक रेडिओ स्टेशनचा इतिहास लिहायला घेतलात की सगळ्यात आधी हातात पडते ती वर्धापनदिनाची स्मरणिका. ती बाजूला ठेवा. टाकू नका, शेवटी लागेल. संस्थापकांची तळमळ, देणगीदारांची नावं, शुभेच्छा असं सगळं तिच्यात असतं. पण स्टेशन रोज किती वाजता बंद व्हायचं आणि का, हे नसतं. माझी सगळी नोकरी आकाशवाणीच्या ट्रान्समीटरवर झाली, त्यामुळे मला स्टेशनचा इतिहास तासांत आणि किलोहर्ट्झमध्येच दिसतो. असो.

मुलगी सेंट लुईसला असते. तिच्याकडे आलो की मी ८५० किलोहर्ट्झवर केएफयूओ लावतो. मिसुरी सिनॉड या अमेरिकेतल्या लुथरन (प्रॉटेस्टंट) चर्चसंघटनेचं हे स्टेशन. बायबलचा अभ्यास, प्रवचनं, गप्पा. १४ डिसेंबर १९२४ ला कॉन्कॉर्डिया सेमिनरीच्या, म्हणजे पाद्री घडवणाऱ्या कॉलेजच्या, जुन्या इमारतीच्या माळ्यावरून ते पहिल्यांदा बोललं. त्यासाठी धडपडणारे वॉल्टर मायर हे जुना करार शिकवणारे प्राध्यापक. एवढं स्मरणिकेतही मिळेल. पुढचं मिळवायचं कसं, ते याच स्टेशनवरून सांगतो.

आधी नावाची अक्षरं बघा. अमेरिकेत मिसिसिपी नदीच्या पश्चिमेकडची स्टेशनं 'के'ने सुरू होतात, पूर्वेकडची 'डब्ल्यू'ने. सेंट लुईस पश्चिम काठावर, म्हणून केएफयूओ. मग त्याच गावात जेझुइटांच्या (कॅथलिक धर्मगुरूंचा एक संघ) विद्यापीठाने काढलेलं स्टेशन डब्ल्यूईडब्ल्यू कसं? कारण त्याचा परवाना १९२२चा, आणि ही हद्द मिसिसिपीवर आली १९२३ मध्ये. कागद न उघडताच कोण आधीचं ते कळलं.

आता कागद उघडा. एफसीसी, म्हणजे तिथलं परवाने देणारं खातं, त्यांच्या संकेतस्थळावर जुन्या स्टेशनांची 'हिस्टरी कार्डं' स्कॅन करून ठेवली आहेत. १९२७ पासून साधारण १९८० पर्यंतची, फुकट. टाइप केलेल्या ओळी, मध्येच खोडलेले आकडे, आणि जिकडेतिकडे संक्षेप. त्यातला 'सीपी' नीट ओळखायला शिका. सीपी म्हणजे उभारणीची परवानगी. मनोरा उभा राहून चाचणी झाली की मग त्याचा परवाना निघतो, आणि त्याची तारीख वेगळी असते. सीपीची तारीख म्हणजे सुरू झाल्याची तारीख असं धरून चाललात तर सगळा कालक्रम मागे सरकतो. आणि काही सीपी तर कागदावरच विरतात.

कार्डं वाचताना 'तास' या रकान्यावर बोट ठेवून खाली या. केएफयूओची खरी गोष्ट तिथे आहे. सुरुवातीची बरीच वर्षं हे स्टेशन ५५० किलोहर्ट्झवर केएसडीबरोबर वाटणीत चालायचं. केएसडी पोस्ट-डिस्पॅच या वर्तमानपत्राचं, म्हणजे पुलित्झरांचं. एकाने थांबायचं, मग दुसऱ्याने सुरू करायचं. एका लहरीवर धंदेवाईक पेपरवाले आणि चर्च, म्हणजे भांडण ठरलेलंच. पुढे केएफयूओ ८५० वर आलं, पण फक्त दिवसापुरतं. ८५० हा रात्री डेन्व्हरच्या केओएचा इलाखा. मीडियम वेव्ह दिवसा जमिनीलगत जाते आणि थोड्या अंतरात विरते; सूर्य मावळला की तीच वर आयनांबरावर, म्हणजे वातावरणातल्या विद्युतभारित थरावर, आदळून शेकडो मैलांवर उतरते. दोघांनी रात्री बोलायचं ठरवलं तर कुणाचंच धड ऐकू येणार नाही. म्हणून केएफयूओने सूर्यास्ताला बंद व्हायचं. आमची आकाशवाणीची तिसरी सभा, म्हणजे दिवसातलं शेवटचं प्रक्षेपण, रात्री अकराच्या पुढे संपायची, त्यामुळे डिसेंबरात पाचच्या सुमाराला गप्प होणारं स्टेशन मला अजून पचनी पडत नाही. पण हे कळल्याशिवाय त्यांच्या संध्याकाळच्या प्रार्थनेची वेळ महिन्यागणिक का हलते, ते उमगणार नाही.

एक तारीख भिंतीवर लिहून ठेवा: २९ मार्च १९४१. त्या दिवशी तिथल्या देशांनी आपसात केलेल्या करारानुसार उत्तर अमेरिकेतल्या शेकडो स्टेशनांचे आकडे एकदम बदलले. केओएसुद्धा त्याच दिवशी ८३० वरून ८५० वर आलं. जुन्या पेपरात वेगळा आकडा दिसला की 'स्टेशन दुसरीकडे गेलं' असं लगेच लिहू नका.

कार्डं झाली की वर्तमानपत्रांतले कार्यक्रमांचे रकाने आणि ब्रॉडकास्टिंग इयरबुकचे, म्हणजे स्टेशनांच्या वार्षिक सूचीचे, खंड. दोन्ही इंटरनेटवर मिळतात. इथे दोन गोंधळ नेहमी होतात. पहिला म्हणजे 'द लुथरन अवर' या प्रवचनांच्या कार्यक्रमाचा. बोलणारे तेच मायर, म्हणून लोक तो केएफयूओवर सुरू झाला असं बेधडक सांगतात. तो सुरू झाला २ ऑक्टोबर १९३० ला, क्लीव्हलंडच्या डब्ल्यूएचकेवरून, सीबीएस या रेडिओ कंपनीच्या जाळ्यावर. दुसरा गोंधळ एफएमचा. ९९.१ वर याच मालकांचं शास्त्रीय संगीताचं केएफयूओ-एफएम होतं, १९४८ पासूनचं. सिनॉडने ते विकलं आणि २०१० मध्ये तिथलं शास्त्रीय संगीत थांबलं. गावातले लोक 'केएफयूओ बंद पडलं' म्हणतात ते याच्याबद्दल. ८५० वरचं एएम, म्हणजे मीडियम वेव्हचं, स्टेशन चालूच राहिलं.

माणसांना भेटायचं ते यानंतर. म्हाताऱ्या श्रोत्यांना साल विचारू नका. रेडिओ कुठल्या खोलीत होता, कोण लावायचं, कुणाचा आवाज आवडत नव्हता, हे विचारा. साल तुम्ही कार्डावरून लावा. आता स्मरणिका उघडायला हरकत नाही.

आपल्याकडे ही वाट चालत नाही. भारतात धार्मिक संस्थेला एफएमचा परवाना मिळत नाही, त्यामुळे ख्रिस्ती कार्यक्रम ऐकायचे ते मुख्यतः शॉर्टवेव्हवर, बाहेरून. सेशेल्स बेटांवरून १९७० पासून २००३ पर्यंत चाललेलं फेबा रेडिओ हे त्यातलं मोठं नाव. अशा स्टेशनवर लिहायचं असेल तर श्रोत्यांकडची क्यूएसएल कार्डं गोळा करा. 'तुमचं प्रक्षेपण अमुक तारखेला, अमुक वेळी, अमुक मीटरवर ऐकलं' असं पत्र पाठवलं की स्टेशन ते तपासून छापील कार्ड धाडायचं. तारीख, वेळ, फ्रिक्वेन्सी बहुधा त्याच्यावरच असते. वेळ मात्र जागतिक, म्हणजे आपल्यापेक्षा साडेपाच तास मागे. वहीत उतरवताना शेजारी भारतीय वेळ लिहा. पहाटेचे कार्यक्रम कागदावर आदल्या दिवशीचे दिसतात.