गेममध्ये वेळ वाकवणारं वादळ कसं चालवायचं

टेबलटॉप गेमसाठी, म्हणजे टेबलाभोवती बसून एकेक कॅरेक्टर घेऊन गोष्ट रंगवत खेळायच्या खेळासाठी, स्वतःचं जग बनवताय आणि त्यात दरवर्षी येणारं, वेळ बिघडवणारं वादळ हवंय, तर आधी आत वेळ रेंगाळते की पळते ते ठरवा. दोन्ही एकदम ठेवू नका, प्लेअर्सना अंदाजच बांधता येत नाही आणि मग ते ट्राय करणंच सोडतात. आमच्या फोंड्याच्या ग्रुपमध्ये आत एक घटका म्हणजे 24 मिनिटं गेली की बाहेर एक वर्ष, बस्स.

दुसरं आणि माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचं, गावातल्या लोकांना वादळाचा सीझन माहीत असायला हवा, आपल्या गोव्यात नाही का 1 जून ते 31 जुलै मासेमारीचे ट्रॉलर बंद, म्हणून मे महिन्यातच पुरुमेंताची म्हणजे पावसाळ्याच्या बेगमीची गडबड, सुके मासे, सोलं, मिरच्या सगळं भरून ठेवायचं, तसंच तुमच्या गावात वादळाआधी लोक देणी फेडतात, ठरलेली लग्नं उरकतात, तान्ह्या मुलाच्या आईला होडीत चढूच देत नाहीत.

नियम वाचून दाखवू नका, दाखवा. आत अडकलेला होडीवाला परत येतो, डब्यातली पेज अजून आंबलेलीही नाही आणि धक्क्यावर त्याला ओळखणारी त्याची मुलगी आता त्याच्याएवढी झालीय. एवढ्यात टेबल गप्प होतं बघा.

बाकी हिशोबाला एक साधी वही ठेवा, प्रत्येक कॅरेक्टरचं वय आणि बाहेरचं वर्ष सेशन संपल्या संपल्या लिहून टाका.