पोलिश सिनेमा पाहायला सुरुवात कुठून करावी?

थेट ‘डेकालॉग’चा दिग्दर्शक क्येश्लोव्स्की याच्यापासून सुरुवात करू नका. त्याआधी दिग्दर्शक आंद्झेय वायदाचा ‘कनाल’ (१९५७) पाहा; त्यात उठाव करणारे सैनिक गटारांतून निसटू पाहतात. मात्र त्यापूर्वी जर्मन ताब्याविरुद्धच्या १९४४च्या वॉर्सा उठावाबद्दल दहा मिनिटं वाचा. उठाव ६३ दिवस चालला आणि सोव्हिएत फौजा विस्तुला नदीपलीकडे थांबून राहिल्या. पुढे सोव्हिएत प्रभावाखालच्या पोलंडमध्ये सेन्सॉरमुळे हे पडद्यावर उघड सांगता येत नव्हतं. म्हणून शेवटाकडे गटाराच्या जाळीतून पलीकडचा काठ दिसतो तिथे थांबा. पोलिश प्रेक्षकाला तेवढं पुरे होतं. संदर्भ नसेल तर तो नुसता नदीकाठ वाटतो.

पुढे ‘अ‍ॅशेस अँड डायमंड्स’ (१९५८), मग ‘मॅन ऑफ मार्बल’ (१९७७) आणि ‘मॅन ऑफ आयर्न’ (१९८१). शेवटचे दोन याच क्रमाने, नाहीतर सॉलिडॅरिटी या स्वतंत्र कामगार संघटनेच्या संपाची मुळं हाती लागत नाहीत. १९८१च्या डिसेंबरात मार्शल लॉ, म्हणजे लष्करी कायदा आला. त्यामुळे १९८२ चा ‘इंटरॉगेशन’ बंदीत १९८९ पर्यंत अडकून पडला.

आता क्येश्लोव्स्कीची मालिका ‘डेकालॉग’. सुमारे तासाभराचे दहा भाग. रोज एकच, सलग पाहिले तर सगळे एकमेकांत मिसळतात. ‘इडा’ (२०१३) जवळपास चौकोनी चौकटीत आहे, त्यामुळे टीव्हीचं ‘स्ट्रेच’ बंद ठेवा. डबिंग टाळा, सबटायटल्स घ्या.