आनी ओंद्राची चित्रपट-कारकीर्द कशी अभ्यासावी

आनी ओंद्रा हे नाव बहुतेकांना आल्फ्रेड हिचकॉकच्या ‘ब्लॅकमेल’ (१९२९) या चित्रपटामुळे ठाऊक असते आणि तिच्याविषयीची गोष्टही ठरलेली असते: या चेक नायिकेचे इंग्रजी उच्चार बोलपटाला चालले नाहीत आणि तिची कारकीर्द तिथेच संपली. यातले पहिले विधान खरे आहे, दुसरे साफ चुकीचे. तिच्या कामाचा अभ्यास करायचा असेल तर हा गैरसमज आधी दूर करावा लागतो आणि त्यासाठी चरित्रे वाचण्याआधी चित्रपट योग्य क्रमाने पाहणे अधिक उपयोगी पडते.

सुरुवात ‘ब्लॅकमेल’पासूनच करावी, पण त्याची दोन्ही रूपे पाहावीत. हा चित्रपट मूकपट म्हणून सुरू झाला आणि काम चालू असतानाच त्याला ध्वनीची जोड देण्याचे ठरले. ज्या चित्रपटगृहांत ध्वनियंत्रणा नव्हती त्यांच्यासाठी मूक आवृत्तीही प्रदर्शित झाली आणि ती आजही उपलब्ध आहे. आधी मूक आवृत्ती पाहावी, म्हणजे ओंद्राचा अभिनय कोणत्याही उसन्या आवाजाशिवाय समोर येतो. त्यानंतर बोलपटातला न्याहारीचा प्रसंग मन लावून पाहावा. आदल्या रात्री स्वसंरक्षणासाठी पाव कापण्याच्या सुरीने एका चित्रकाराचा जीव घेतलेली ॲलिस (ओंद्राची भूमिका) आईवडिलांसोबत बसली आहे, शेजारीण त्या खुनाविषयी अखंड बडबडते आहे आणि हळूहळू तिच्या बोलण्यातला ‘नाइफ’ एवढा एकच शब्द स्पष्ट ऐकू येत राहतो. वडील पाव कापायला सांगतात, ॲलिस सुरी हातात घेते आणि तो शब्द पुन्हा कानावर आदळताच सुरी तिच्या हातून उडून पडते. या प्रसंगात तिच्या वाट्याला संवाद जवळजवळ नाहीतच. सगळा भार चेहऱ्यावर आणि बोटांवर आहे.

जिथे ती बोलताना दिसते, तिथे आवाज जोन बॅरी या इंग्रज अभिनेत्रीचा आहे. चित्रीकरणानंतर आवाज बसवण्याचे तंत्र तेव्हा वापरण्याजोगे झाले नव्हते. त्यामुळे बॅरी कॅमेऱ्याच्या चौकटीबाहेर मायक्रोफोनपाशी उभी राहून संवाद म्हणत असे आणि ओंद्रा त्याच क्षणी ओठ हलवत असे. भावना आपली आणि वेग दुसरीच्या बोलण्याचा, असे हे अवघड काम होते. ओठांच्या हालचालीतले किंचित अडखळणे दोष म्हणून न मोजता याच दृष्टीने पाहावे. हिचकॉकने घेतलेली तिची ध्वनिचाचणीही जतन झाली आहे. तिचा खरा आवाज ऐकण्यासाठी ती आवर्जून पाहावी.

यानंतर मागे, प्रागमध्ये जावे. ओंद्राचा जन्म आज पोलंडमध्ये असलेल्या तार्नूफचा, पण कुटुंब चेक. दिग्दर्शक आणि नट कारेल लामाच, छायालेखक ओटो हेलर, पटकथाकार वाच्लाव वासरमान आणि स्वतः ओंद्रा अशा चौघांचा चमू १९२०च्या दशकात चेक मूकपटात गाजला. चेक नोंदींमध्ये तिचे आडनाव ‘ओंद्राकोवा’ असेही आढळते, म्हणून शोध दोन्ही नावांनी घ्यावा. या काळातला ‘बिली राय’ (१९२४) हा बर्फाळ पार्श्वभूमीवरचा मेलोड्रामा आणि तिच्या विनोदी भूमिका शेजारीशेजारी ठेवून पाहिल्यास तिचा आवाका लक्षात येतो. हिचकॉकचाच ‘द मँक्समन’ (१९२९) हा मूकपट याच टप्प्याचा शेवट समजून पाहावा.

खरा उलगडा १९३०नंतरच्या कामात होतो आणि अभ्यासकाने सर्वाधिक वेळ इथेच द्यावा, असे माझे ठाम मत आहे. ओंद्रा आणि लामाच यांनी १९३० मध्ये बर्लिनमध्ये स्वतःची चित्रपटसंस्था काढली. त्या काळी एकच कथा वेगवेगळ्या भाषांत, बहुधा त्याच सेटवर आणि गरजेप्रमाणे नट बदलून पुन्हा चित्रित केली जाई. ओंद्राला चेक आणि जर्मन दोन्ही भाषा येत असल्याने ही पद्धत तिच्या पथ्यावर पडली. व्लास्ता बुरियान या लोकप्रिय चेक विनोदवीराबरोबरचा १९३१ सालचा ‘ऑन अ येहो सेस्त्रा’ चेक आणि जर्मन अशा दोन्ही रूपांत निघाला आणि दोन्हींत तीच होती. ‘पोल्स्का क्रेव्ह’ (१९३४) या संगीतिकेवर आधारलेल्या चित्रपटाचेही तसेच. शक्य असेल तेव्हा एकच प्रसंग दोन्ही भाषांत लागोपाठ पाहावा आणि संवादाची लय बदलली की तिच्या हालचालींची लयही बदलते का, याची टिपणे ठेवावीत. भाषा येत नसली तरी अडत नाही.

मुष्टियोद्धा माक्स श्मेलिंग याच्याशी तिने १९३३ मध्ये लग्न केले आणि पुढचे बरेचसे लेखन या जोडप्याच्या प्रसिद्धीतच अडकले. १९३५ चा ‘नॉकआउट’ दोघांनी एकत्र केला, तो त्या प्रसिद्धीचा नमुना म्हणून एकदा पाहिला तरी पुरे. त्याऐवजी लामाचने दिग्दर्शित केलेल्या ‘दूवोद क रोझ्वोदू’ (१९३७) या चेक विनोदी चित्रपटाकडे वळावे, कारण बोलपटाने संपवली असे मानल्या जाणाऱ्या या नटीला तिथे आठ वर्षांनंतरही नायिका म्हणून, तिच्याच भाषेत आणि तिच्याच आवाजात ऐकता येते.