मूकपटातील पडणे कसे पाहावे

मूक विनोदी लघुपट पाहायला बसल्यावर सर्वप्रथम त्याचा वेग तपासावा. त्या काळी कॅमेरा हाताने फिरवला जाई आणि सेकंदाला साधारण १६ ते १८ चौकटी (फिल्मवरची एकेक स्थिर छायाचित्रे) टिपल्या जात. बोलपट आल्यावर २४ चौकटींचा वेग रूढ झाला, आणि त्या वेगाने जुनी फिल्म चालवली की माणसे उगाच तुरुतुरु पळू लागतात. १००० फुटांच्या रिळात १६,००० चौकटी असतात. १६च्या वेगाने ते साडेसोळा मिनिटांहून थोडे अधिक चालते, तर २४च्या वेगाने अकरा मिनिटांत संपते. पाठलागाच्या दृश्यात कॅमेरा मुद्दाम सावकाश फिरवून गती वाढवलेली असे, तेवढी घाई मान्य करावी. मात्र पात्र नुसते खुर्चीत बसतानाही झटके खात असेल, तर दुसरी प्रत शोधावी.

यानंतर लक्ष पडण्यावर न ठेवता पडण्याआधीच्या क्षणावर ठेवावे, कारण हसू तिथेच तयार होते. चित्रपटाचे आद्य प्रवर्तक असलेल्या फ्रान्समधील ल्यूमिएर बंधूंच्या १८९५ च्या छोट्या चित्रपटात खोडकर मुलगा माळ्याच्या पाण्याच्या नळीवर पाय देतो, पाणी थांबते, आणि माळी नळीच्या तोंडात डोकावतो. पुढे काय होणार हे माळ्याच्या आधी आपल्याला कळलेले असते. ही युक्ती पुढच्या असंख्य लघुपटांच्या मुळाशी आहे.

शरीराचे काम समजण्यासाठी चॅप्लिनचा १९१६ चा ‘वन ए. एम.’ घ्यावा, कारण त्यात जवळजवळ सर्व वेळ तो एकटाच असतो: मध्यरात्री घरी परतलेला, नशेतला आणि झोपायला निघालेला गृहस्थ. जिन्याचे दृश्य आवाज बंद करून तीनदा पाहावे. प्रथम सबंध पाहावे. दुसऱ्यांदा केवळ पाय आणि कंबर पाहावी, म्हणजे तोल गेल्याचा अभिनय करण्यासाठी तोल किती काटेकोरपणे सांभाळावा लागतो, हे ध्यानात येते, आणि मला तरी या कलेतील सर्वांत विलक्षण गोष्ट हीच वाटते. तिसऱ्यांदा दृश्य कोठे तोडले आहे ते मोजावे; कृती न तोडता आणि माणूस नखशिखांत दिसेल अशा अंतरावरून चित्रित केली असेल, तर ती शरीराने खरोखर केलेली असण्याची शक्यता मोठी.

शेवटी मूकपटांतील विनोदी अभिनेता-दिग्दर्शक बस्टर कीटन याचा १९२० चा ‘वन वीक’ पाहावा. एका जोडप्याच्या, रुळांवर अडकलेल्या घराकडे आगगाडी येते, शेजारच्या रुळांवरून निघून जाते, आणि जोडप्याच्या जिवात जीव येतो न येतो तोच उलट दिशेने दुसरी गाडी येऊन घराचा चुराडा करते. इथे कॅमेरा नेमका कोठे उभा आहे आणि शेजारचे रूळ आपल्या लक्षात केव्हा येतात, हे पुन्हा मागे जाऊन तपासावे.