लांगेतील घरगुती वायनरीत वाइन चाखायला जाताय? या चुका टाळा

इटलीच्या वायव्येस, तूरिन शहराच्या आग्नेयेला, आल्बा गावाभोवती लांगे नावाच्या टेकड्या पसरलेल्या आहेत. बारोलो आणि बार्बारेस्को या दोन नामांकित वाइन याच टेकड्यांवर पिकणाऱ्या नेब्बियोलो द्राक्षापासून तयार होतात. २०१४ मध्ये या प्रदेशाला युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत स्थान मिळाले. मी तूरिनमध्ये राहते आणि महाराष्ट्रातून येणाऱ्या मंडळींबरोबर दुभाषी म्हणून या भागात नेहमी जाते. मंडळी हौशी असतात, पैसे खर्च करायची त्यांची तयारी असते आणि तरीही त्याच त्या चुका होत राहतात. त्यांचे मूळ बहुधा एकच असते. नाशिकच्या मोठ्या वायनरीत जसे तिकीट काढून कधीही आत शिरता येते, तसेच येथेही असेल असे गृहीत धरले जाते. लांगेतील छोटी वायनरी म्हणजे एका कुटुंबाचे राहते घर असते, खाली तळघर आणि मागे बाग. तुम्हाला वाइन ओतून देणारी व्यक्तीच सकाळी वेलींवर फवारणी करून आलेली असते.

एका दिवसात तीन वायनरी

ही माझी सर्वांत नावडती चूक आहे, म्हणून तिच्याबद्दल सविस्तर लिहिते. पुण्याहून आलेल्या एका कुटुंबाने दहा वाजता बार्बारेस्कोजवळ, बारा वाजता ला मोर्राजवळ आणि तीन वाजता सेर्रालुंगात अशा तीन भेटी ठरवून ठेवल्या होत्या. नकाशावर ही गावे हाताच्या अंतरावर दिसतात. प्रत्यक्षात रस्ते टेकड्यांना वळसे घालत जातात, त्यात मंडळी मिलानहून निघालेली, वाटेत कॉफीसाठी थांबलेली. पहिल्या ठिकाणीच आम्ही तासाभराने उशिरा पोहोचलो आणि ला मोर्राला पोहोचेपर्यंत सव्वा वाजून गेला.

तेथील वायनरी आई आणि मुलगा मिळून चालवतात. मुलगा बारा वाजायच्या आधीच ट्रॅक्टरवरून उतरून, हातपाय धुऊन, तीन बाटल्या उघडून आमची वाट पाहत बसला होता. संध्याकाळी पावसाचा अंदाज होता. पाऊस येण्याआधी तांबे आणि गंधकाची फवारणी उरकली नाही तर वेलींवर डाऊनी आणि भुरी हे बुरशीचे रोग येतात, हे नाशिक-सांगलीकडच्या द्राक्ष बागायतदारांना वेगळे सांगायला नको. पाऊण तास वाट पाहून तो पुन्हा बागेत गेला. जेवणाच्या वेळेला, पदर खोचून उभे राहावे तशा लगबगीने, त्याची सत्तरीकडे झुकलेली आई आमच्या दिमतीला उभी राहिली. वाइन कोणत्या उतारावरची, पिंपात किती काळ ठेवली, त्या वर्षी गारपीट झाली होती का, हे सगळे मुलगा सांगणार होता. आईने वाइन ओतली, चीज कापून ठेवले आणि अधूनमधून घड्याळाकडे पाहिले. पहिल्या वायनरीत प्रत्येक पेला तळापर्यंत रिकामा केलेला असल्याने आमच्या मंडळींची जीभ तोवर बधिर झाली होती आणि पोटात भूक होती. अर्ध्या तासाच्या आत सर्व आटोपले. बाहेर पडताना एक गृहस्थ म्हणाले, "सगळ्या सारख्याच लागतात हो." त्यांच्या जिभेची अवस्था पाहता त्यांचे म्हणणे खरेच होते. सेर्रालुंगाच्या वायनरीला फोन करून न येण्याबद्दल क्षमा मागण्याचे काम अर्थातच माझ्याकडे आले.

माझा शिरस्ता असा आहे की दिवसाला एकच वायनरी ठरवायची, तीही सकाळी साडेदहाच्या सुमारास. मंडळींनी फारच आग्रह धरला तर दुसरी दुपारी तीननंतर आणि मध्ये नीट बसून जेवण. साडेबारा ते अडीच ही वेळ इटलीच्या खेड्यात जेवणाची असते आणि त्या वेळी कोणाच्याही दारात उभे राहू नये. भेटीची वेळ आधी ई-मेल करून ठरवावी आणि किती माणसे येणार ते खरे सांगावे. चार सांगून नऊ जणांनी उतरणे हे आपल्याकडे लग्नघरात खपून जाते, येथे मात्र टेबलावर चारच पेले मांडलेले असतात. उशीर होणार असेल तर निघतानाच फोन करावा, पोहोचल्यावर सबबी सांगण्यात काही अर्थ नसतो. सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये द्राक्षतोडणीची धांदल असते. त्या काळात छोट्या वायनरीने नकार दिला तर वाईट वाटून घेऊ नये.

"बारोलो आधी द्या"

घाईत असलेले नवखे पाहुणे बसल्या बसल्या ही मागणी करतात. यजमान मात्र एक क्रम पाळतात. आधी आर्नेइससारखी पांढरी वाइन, मग दोल्चेत्तो, बार्बेरा, लांगे नेब्बियोलो आणि शेवटी बारोलो. गोड मोस्कातो असेल तर ती सर्वांनंतर येते, कारण गोडाच्या पाठोपाठ घेतलेली कोरडी वाइन आंबट लागते. हा क्रम हलक्याकडून भारीकडे जातो. बारोलोतील टॅनिनने, म्हणजे द्राक्षाच्या सालीतून येणाऱ्या तुरट द्रव्याने, जीभ आवळली गेली की त्यानंतर आलेल्या दोल्चेत्तोचा स्वाद कळतच नाही आणि मग बिचाऱ्या दोल्चेत्तोला पाणचट ठरवले जाते. दोल्चेत्तो ही लांगेतील माणसांची रोजच्या जेवणातील वाइन आहे. तिला घाईघाईने ओलांडून जाणाऱ्यांची मला मनापासून कीव येते.

बारोलोबद्दलचा गैरसमज तिच्या रंगापासूनच सुरू होतो. नेब्बियोलोचा रंग फिका असतो आणि जुनी होत जाईल तशी ती विटकरी छटेकडे झुकते, त्यामुळे ही हलकी वाइन असेल असे वाटते. मोठा घोट घेतला की आवळा चावल्यासारखे तोंड तुरट होते आणि "एवढ्या पैशांत हे?" अशा नजरा माझ्याकडे वळतात. नियमानुसार बारोलोला बाजारात येण्याआधी ३८ महिने मुरवावे लागते आणि त्यातील किमान १८ महिने लाकडी पिंपात. रिझेर्वाला, म्हणजे अधिक काळ मुरवलेल्या बारोलोला, ६२ महिने लागतात. २०२१ च्या द्राक्षांची बारोलो विक्रीला आली ती २०२५ च्या जानेवारीपासून. जी वाइन तयार व्हायला तीन वर्षांहून अधिक काळ लागतो तिला निदान दहा मिनिटे द्यावीत, एवढीच माझी अपेक्षा असते. पेला देठाला धरून हलकेच फिरवावा, वास घ्यावा, छोटा घोट तोंडभर फिरवावा, मग ग्रिस्सिनी म्हणजे तूरिनकडची पावाची कुरकुरीत काडी आणि चीजचा तुकडा खाऊन दुसरा घोट घ्यावा. चीजमधील स्निग्धतेमुळे तुरटपणा मवाळ होतो आणि त्यामागचा गुलाबासारखा गंध वर येतो. ला मोर्राकडची बारोलो साधारणतः अधिक सुगंधी आणि मऊ असते, तर सेर्रालुंगाकडची अधिक करकरीत आणि मुरायला वेळ घेणारी. द्राक्ष एकच, पण मातीचा थर निराळा. हा फरक कळावा म्हणूनच यजमान दोन पेले शेजारी शेजारी ठेवतात. पहिला पेला संपवून दुसरा मागणाऱ्याला तो कधीच कळत नाही.

पिकदाणीला लाजणे

टेबलावर ठेवलेले धातूचे किंवा चिनी मातीचे भांडे शोभेचे नसते, ती पिकदाणी असते. चाखलेली वाइन तिच्यात टाकणे हा यजमानांचा अपमान आहे असे आपल्या माणसांना वाटते. वायनरीचा मालक स्वतः सर्वांसमोर तसेच करत असतो, तिकडे कोणी लक्ष देत नाही. हिशेब साधा आहे. प्रत्येकी ५० मिलिलिटरच्या सहा वाइन गिळल्या तर ३०० मिलिलिटर होतात, म्हणजे भरलेले दोन पेले, आणि बारोलोत अल्कोहोलचे प्रमाण १४ टक्क्यांच्या आसपास असते. पोटात सकाळच्या कॉफीखेरीज काही नसेल तर चौथ्या वाइननंतर झालेले सर्व मतप्रदर्शन निरर्थक असते.

गाडी चालवणाऱ्यासाठी हा केवळ शिष्टाचाराचा प्रश्न राहत नाही. इटलीत रक्तातील अल्कोहोलची कायदेशीर मर्यादा लिटरमागे ०.५ ग्रॅम आहे आणि वय २१ पेक्षा कमी असलेल्यांना किंवा परवाना मिळून तीन वर्षे न झालेल्यांना ती शून्य आहे. "मी थोडीच घेतली आहे" असे म्हणणाऱ्याच्या शेजारी मी बसत नाही. तूरिनहून आल्बापर्यंत रेल्वेने यावे आणि पुढे चालकासह गाडी आधीच ठरवून ठेवावी. खेड्यात उभ्या उभ्या टॅक्सी मिळेल या भरवशावर राहू नये.

शाकाहाराबद्दल आयत्या वेळी सांगणे

चाखण्याबरोबर येणाऱ्या थाळीत सलामी म्हणजे मुरवलेल्या मांसाचे काप आणि चीज असते आणि पिएमोंतेत, म्हणजे लांगे ज्यात येते त्या प्रांतात, कच्च्या गोमांसाचा खिमा हा मानाचा पदार्थ समजला जातो. तो समोर आल्यावर दचकून ताट मागे सारले की यजमानीण ओशाळते. मांस-मासे नकोत हे ई-मेलमध्येच लिहावे, आणि केवळ "शाकाहारी" म्हणून न थांबता पदार्थांची नावे घेऊन लिहावे. बान्या काउदा हे नाव भाज्यांबरोबर येणाऱ्या गरम चटणीचे आहे, पण तिचा जीव अँकोव्ही माशांत असतो. पार्मिजानो चीजमध्ये वासराच्या पोटातील रेनेट म्हणजे दूध गोठवणारे द्रव्य वापरलेले असते, त्यामुळे ते अनेकांना चालत नाही. वेळेवर कळवले तर भाजलेली ढोबळी मिरची आणि लांगेतील प्रसिद्ध हेझलनट अशी सुरेख थाळी मिळते, हे मी पाहिलेले आहे.

थोडक्यात सांगण्यासारख्या

अत्तर आणि सेंट लावून जाऊ नये, संपूर्ण टेबलाला दुसरा वास येत नाही. आत शिरण्यापूर्वी बडीशेप, पान आणि च्युइंगम टाळावे. बारोलोत बर्फ मागू नये. सोडाही मागू नये. भावात घासाघीस करू नये आणि चाखण्याचे शुल्क किती, ते आधीच विचारावे. काही ठिकाणी बाटल्या घेतल्यास ते माफ होते, काही ठिकाणी होत नाही. "सर्वांत जुनी बाटली उघडा" ही मागणी छोट्या वायनरीत अविचाराची ठरते. द्राक्षे आंबत असताना तळघरात कार्बन डायऑक्साइड साचतो, म्हणून "यापुढे नको" असे सांगितले की छायाचित्राच्या मोहाने पुढे जाऊ नये, मुलांनाही सोडू नये.

गप्पच बसणे हीसुद्धा चूकच आहे. निफाडकडच्या एका बागायतदारांना वाइनमध्ये फारसे स्वारस्य नव्हते, पण त्यांनी छाटणी कधी करता असे विचारले. आमच्याकडे एप्रिलमध्ये खरड छाटणी आणि ऑक्टोबरमध्ये फळछाटणी होते, असे त्यांनी सांगितल्यावर म्हाताऱ्या मालकाला वर्षातून दोनदा छाटणी ही कल्पनाच पटेना, कारण त्याच्या वेली हिवाळ्यात झोपतात आणि तेव्हा एकदाच छाटल्या जातात. तो कात्री घेऊन त्यांना थेट उतारावर घेऊन गेला. तासभर मी दोघांमध्ये धापा टाकत भाषांतर करत होते आणि परत आल्यावर यादीत नसलेली एक बाटली उघडली गेली.

बाटल्या घेताना

उन्हाळ्यात बाटल्या गाडीच्या डिकीत ठेवून पुढे फिरत बसू नये, दुपारच्या उष्णतेत वाइन बिघडते. विमानात त्या चेक-इन सामानातच, कपड्यांत गुंडाळून ठेवाव्यात. भारतात माणशी दोन लिटरपर्यंत मद्य शुल्काविना आणता येते. ७५० मिलिलिटरच्या दोन बाटल्या त्यात बसतात, तिसरीबरोबर सव्वादोन लिटर होतात. हे मुंबईच्या विमानतळावर कळण्यापेक्षा वायनरीत पैसे देतानाच लक्षात असलेले बरे.