सिव्हिलच्या गेटसमोरून: फुले योजनेत बसायचं असेल तर

सोलापुरात सिव्हिलच्या गेटसमोर माझं झेरॉक्सचं दुकान आहे. पेशंट आत ॲडमिट असतो आणि त्याचा मुलगा नाहीतर जावई माझ्या काउंटरवर प्लास्टिकची पिशवी उपडी करतो. रेशनकार्ड, आधार, लाइटबिल, कुणाकुणाच्या लग्नपत्रिकासुद्धा निघतात त्यातून. दवाखान्याचं बिल सरकारनं भरायच्या महात्मा फुले योजनेत बसायचं असतं आणि प्रश्न एकच असतो: "आमचं कार्ड चालंल का?"

चालतं. पिवळं, केशरी, अंत्योदय, अन्नपूर्णा, सगळं चालतं. पूर्वी पांढऱ्या कार्डाला आम्ही सरळ नाही म्हणायचो, फक्त आत्महत्याग्रस्त १४ जिल्ह्यांतल्या शेतकऱ्यांचं पांढरं चालायचं आणि त्यात सोलापूर नव्हतं. १ जुलै २०२४ पासून तीही अट गेली. आता राज्यातलं कुठलंही कुटुंब महात्मा फुले जनआरोग्य योजनेत बसतं आणि वर्षाला घर मिळून ५ लाखांपर्यंतचा उपचार होतो. आधी हा आकडा दीड लाख होता. रेशनकार्डच नसेल तर तहसीलचा अधिवास दाखला काढा. गावाकडची माणसं अजून "जीवनदायी" म्हणतात, त्यात चूक नाही. २०१२ साली पहिल्या आठ जिल्ह्यांत ती त्याच नावानं सुरू झाली, त्यात आपलं सोलापूर होतं. नाव २०१७ला बदललं.

केशरी कार्डाची उत्पन्नाची मर्यादा वर्षाला १ लाख आहे. रोज पाचशे रुपये हजेरी घेणारा गवंडी अडीचशे दिवस कामावर गेला की ती ओलांडतो. म्हणून आपलं उत्पन्न जास्त भरेल या भीतीनं कार्डच पुढं न करणारे मी पाहिलेत. तसं करू नका.

अडतं ते उत्पन्नावर नाही, नावावर अडतं.

रेशनकार्डावर "लक्ष्मी", आधारवर "लक्ष्मीबाई". एकीकडं "शेख", दुसरीकडं "शेक". पूर्व भागातल्या विडी वळणाऱ्या मावश्यांचं तर आडनाव आधारवर सासरचं, रेशनवर माहेरचं आणि बँकेत तिसरंच. दवाखान्यातला आरोग्यमित्र, म्हणजे तिथं योजनेचं काम बघणारा माणूस, कार्ड कॉम्प्युटरवर लावतो तेव्हा त्याला पेशंटचं नाव त्या कार्डात दिसावं लागतं आणि फोटो असलेल्या ओळखपत्राशी जुळावं लागतं. एखाद्या अक्षराचा फरक बहुतेक वेळा निभावतो. अख्खं नावच वेगळं असेल तर निभावत नाही.

सगळ्यात जास्त हाल सुनांचे होतात. लग्नाला सहा-सात वर्षं झाली, दोन लेकरं झाली, तरी नाव अजून माहेरच्या कार्डात. मग बाळंतपणात काही गुंतागुंत झाली की नवरा माहेरच्या गावाला पळतो. याचा क्रम नीट ऐका. आधी माहेरच्या तालुक्यातल्या पुरवठा शाखेतून नाव कमी केल्याचा दाखला घ्यायचा. मग तो दाखला, लग्नाचा पुरावा आणि आधार घेऊन सासरच्या तहसीलला नाव चढवायचं. फक्त लाल शाईनं रेशनकार्डाच्या वहीत लिहून आणू नका. नाव ऑनलाइन चढलं का ते बघा. कार्डाला बारा अंकी नंबर असतो, तो टाकला की घरातली सगळी नावं दिसतात. दिसलं नाही तर चढलं नाही, वहीत काहीही लिहिलेलं असो. रेशन दुकानात मशीनवर अंगठा देऊन ई-केवायसी राहिली असेल तर तीही त्याच फेरीत उरका.

लहान लेकराचं नाव कार्डात नसेल तर घाबरू नका. जन्मदाखला आणि आईबापाचं रेशनकार्ड-ओळखपत्र यावर काम होतं.

कागद झाले, आता दवाखाना. इथं मी स्वतः माती खाल्लीय. इतकी वर्षं लोकांना शहाणपण शिकवणारा मी, माझ्या मेहुण्याच्या छातीत कळ आली तेव्हा रिक्षात घालून त्याला सगळ्यात जवळच्या खासगी दवाखान्यात नेलं. केशरी कार्ड माझ्या शर्टाच्या खिशात होतं. काउंटरवर मी डिपॉझिट किती विचारलं, योजना आहे का विचारलंच नाही. स्टेंट बसली, माणूस वाचला. तिसऱ्या दिवशी कार्ड पुढं केलं तेव्हा कळलं की तो दवाखाना योजनेत नाही. बहिणीचे दागिने गहाण पडले. योजना नसलेल्या ठिकाणी भरलेलं बिल नंतर योजनेतून परत मिळत नाही, कुणाच्याही ओळखीनं मिळत नाही.

म्हणून आधी फोन करा. १५५३८८ किंवा १८०० २३३ २२००. जिल्ह्यात कुठला दवाखाना योजनेत आहे ते सांगतात. आणि "योजना आहे का" एवढंच विचारू नका, "या आजाराला आहे का" असं विचारा. एकच दवाखाना हृदयाला असतो आणि हाडाला नसतो. काही ऑपरेशनं फक्त सरकारी दवाखान्यासाठी राखून ठेवलेली आहेत, ती खासगीत योजनेतून होत नाहीत.

दवाखान्यात शिरल्यावर बिलिंगच्या खिडकीवर जाऊ नका. आरोग्यमित्राचं टेबल शोधा. बहुतेक ठिकाणी ते दाराजवळ असतं, योजनेचा बोर्ड असतो. रेशनकार्ड आणि आधार मूळ दाखवायचे, झेरॉक्स द्यायच्या. तो नोंद करतो, डॉक्टरांचे रिपोर्ट वर जातात आणि मंजुरी येते. त्याला सगळे "अप्रूव्हल" म्हणतात. जीवावरचं असेल तर आधी फोनवर मंजुरी घेऊन उपचार सुरू होतो, कागद मागाहून. पण तेव्हाही "आम्ही योजनेचे आहोत" हे पहिल्याच मिनिटाला बोललं पाहिजे. अप्रूव्हल यायच्या आत हौसेनं पैसे भरून टाकू नका.

साधा ताप, खोकला, ओपीडीतली गोळी यात बसत नाही. ॲडमिट व्हायचे आजार, ऑपरेशनं, डायलिसिस, कॅन्सरची केमो असलं बसतं. २०२४ला यादीत १३५६ उपचार होते. अप्रूव्हल मिळालं की तपासण्या, औषधं, खाट, जेवण सगळं त्यातच आलं. घरी जायचं भाडंही मिळतं. डिस्चार्जनंतर दहा दिवसांची औषधं-तपासणीही त्यातच धरलेली असते. लोक ती सोडून येतात, कारण कुणी सांगत नाही आणि आपण विचारत नाही.

योजनेतला दवाखाना असून कुणी "हे औषध बाहेरून आणा", "हे मशीनचे वेगळे" असं म्हणालं तर भांडू नका. पावती मागा. पावती देत नसतील तर आरोग्यमित्राला सांगा, तिथं नाही जमलं तर वरच्याच नंबरवर तक्रार नोंदवा आणि तक्रारीचा नंबर लिहून घ्या. पावती हातात असली की पैसे परत मिळालेले मी पाहिलेत. पावतीशिवाय एकाचेही नाहीत.

आळंद, इंडीकडची माणसं इथं खूप येतात. कर्नाटकचं रेशनकार्ड फुले योजनेला चालत नाही. पण केंद्र सरकारच्या योजनेचं आयुष्मान कार्ड असेल तर ते देशात कुठंही, त्या योजनेतल्या दवाखान्यात चालतं. ते कार्ड आपल्याकडंही काढून ठेवा, आधारला मोबाइल जोडलेला असेल तर दहा मिनिटांचं काम आहे. आणि घरात सत्तरीच्या वरचं कुणी असेल तर त्यांचं आयुष्मानचंच वय वंदना नावाचं कार्ड वेगळं निघतं, त्याला उत्पन्न बघत नाहीत. आधारवरचं वय मात्र बरोबर पाहिजे. ऐंशीचे आजोबा आधारवर त्रेसष्टचे, असं आठवड्यातून एकदा तरी निघतं.

एक शेवटचं, माझ्या धंद्यातलं. रेशनकार्डाची झेरॉक्स काढताना नुसतं पहिलं पान काढू नका. कमी-जास्त केलेली नावं आणि त्यावरचा शिक्का आतल्या पानावर, कधी पार मागच्या बाजूला असतो. सगळी पानं काढा. त्यात माझे चार रुपये जास्त होतात, हे खरं आहे. पण तेवढ्यासाठी अर्ध्या रात्री गेटवरून परत फिरलेली माणसं माझं शटर वाजवतात.