नाजूक रेघांच्या टाइपात मथळा करताना या चुका टाळा

बोदोनी किंवा दीदो वळणाच्या टाइपांचे सारे सौंदर्य जाड उभे दांडे आणि केसासारख्या बारीक रेघा यांच्या तफावतीत असते, आणि छपाईत पहिला घाला पडतो तो या बारीक रेघेवरच. पुण्यातील लग्नपत्रिका, दिवाळी अंकांची मुखपृष्ठे आणि नाटकांचे फलक पाहिले की त्याच त्या चुका पुन्हापुन्हा आढळतात.

पत्रिकेत नाव ज्या टाइपात, त्याच टाइपात कार्यालयाचा पत्ताही बारीक आकारात लावला, तर रेघा नाहीशा होऊन नुसते दांडे उरतात. बोदोनी मोडा या फाँटमध्ये ६ ते ९६ पॉइंटांसाठी ऑप्टिकल साइजची सोय आहे, म्हणजे लहान आकारात बारीक रेघ आपोआप जाड होते; ज्या फाँटमध्ये ही सोय नाही, तेथे पत्त्यासाठी एकसारख्या जाडीचा दुसरा टाइप घ्यावा.

काळ्या पार्श्वभूमीवरील पांढरी अक्षरे पडद्यावर राजस दिसतात. मात्र तो काळा रंग चार शाईंचा असेल आणि रजिस्ट्रेशन, म्हणजे शाईंचे ठसे एकमेकांवर नेमके बसणे, किंचित जरी सरकले, तरी एखादी शाई पांढऱ्या रेघेत शिरते आणि ती बुजते. पार्श्वभूमी एकाच काळ्या शाईची ठेवावी, किंवा रेघेला अगदी पातळ पांढरी आउटलाइन द्यावी. शाई शोषणाऱ्या हातकागदावर तर हा प्रयोग न केलेलाच बरा.

रोमन कॅपिटल अक्षरांमध्ये अंतर वाढवले की ती खुलतात, म्हणून तेच ट्रॅकिंग देवनागरीलाही दिले जाते आणि ‘शुभविवाह’ची शिरोरेषा चार ठिकाणी तुटते. देवनागरीत हे अंतर शून्यच ठेवावे. मोकळेपणा हवा असेल तर तो शब्दांमध्ये आणि ओळींमध्ये द्यावा. रोझा वन या फाँटमध्ये जाड-बारीक तफावतीची देवनागरी आणि रोमन अक्षरे एकत्र मिळतात, त्यामुळे दोन लिप्यांचा मेळ बसवण्याचे निम्मे काम वाचते.

मराठी वळणाच्या पाकळीयुक्त ‘ल’ आणि देठयुक्त ‘श’ यांचा आग्रह शासनाच्या २०२२ च्या निर्णयातही आहे. मथळ्याच्या आकारात हिंदी वळणाचा ‘ल’ फारच खटकतो. फाँटमध्ये मराठी रूपे असतील, तर सॉफ्टवेअरमध्ये मजकुराची भाषा मराठी निवडल्यावर ती उमटतात. फाइल कर्व्ह करण्यापूर्वीच, म्हणजे अक्षरांच्या नुसत्या आकृत्या करण्यापूर्वीच, हे तपासावे, कारण त्यानंतर अक्षर बदलता येत नाही.

ठळकपणासाठी बोल्डचे बटण दाबू नये: फाँटला स्वतःचे बोल्ड नसेल, तर सॉफ्टवेअर सगळ्याच रेघा सारख्या फुगवते आणि तफावत मरते. त्याऐवजी अक्षराचा आकार वाढवावा.